आईसाठी बिनकाट्याची ब्लॅकबेरी

अर्धवट वाचून उठायची खोड मला लहानपणापासून आहे. औषधाच्या बाटलीबरोबरचा कागद असो, नाहीतर कॉलेजचा फॉर्म असो, चार ओळी वाचल्या की मला सगळं समजलं असं वाटतं. घरात इंग्रजी वाचणारी मी एकटीच होते, त्यामुळे माझं ते अर्धवट वाचनच घराला पुरायचं. त्याची किंमत आईला मोजावी लागली. हे आज उघडपणे लिहिते आहे, कारण ऐकून रागावणारं आता कोणी उरलेलं नाही.

नव्वद सालानंतरची ती सुरुवातीची वर्षं. कोपरखैरण्याला आमचं बैठं घर होतं. पुढे रस्ता, मागे न्हाणीघराच्या भिंतीला लागून जमिनीचा एक तुकडा, दोन खाटा टाकल्या तर भरून जाईल एवढा. माती कसली, भरावाचा मुरूमच तो, आणि खाली खणलं की खाडीचा वास यायचा. वडिलांना आम्ही आप्पा म्हणायचो. ते मूळचे तासगावकडचे, द्राक्षबागेत वाढलेले. बाग भावकीत गेली आणि ते तुर्भ्याच्या एका कारखान्यात बॉयलरवर लागले. पण अंगातली बाग गेली नव्हती. घर घेताना खोल्या न बघता ते आधी मागचं दार उघडून उभे राहिले, असं आई सांगायची. त्यांनी पनवेलच्या पुढून कुठूनतरी लाल मातीची पोती आणली, शेणखत आणलं, आणि त्या तुकड्यात गुलाब, लिंबू, कढीपत्ता, गवती चहा असं जमेल ते लावून टाकलं.

आई पाटणकडची. डोंगरातली. तिच्या बोलण्यात करवंदाच्या जाळ्या फार यायच्या. कुठल्या जाळीत गोड, कुठल्या जाळीत आंबट, कुठल्या जाळीखाली साप, हे तिला लग्नाला वीस वर्षं झाली तरी पाठ होतं. "करवंद डोळ्यांनी नाय तोडायचं," ती म्हणायची. "हाताला कळतं. पिकलेलं बोट लावलं की येतं." मी म्हणायचे, झालं का सुरू तुझं करवंदपुराण. ती हसायची.

तिला साखरेचा आजार होता. मी दहावीत असताना तिला दिव्याभोवती कडी दिसायला लागली, बारावीत गेले तेव्हा उजवा डोळा गेलाच होता आणि डाव्या डोळ्याने तिला फक्त उजेड आणि माणसाची आकृती एवढंच दिसायचं. वाशीच्या डॉक्टरांनी लेझर केलं, पण गेलेलं परत आलं नाही. तरी आई बसून राहणारी नव्हती. भाकरी थापायची, तांदूळ निवडायची, मागच्या दारी जाऊन चाचपत लिंबं तोडायची. एकदा लिंबाचा काटा तिच्या अंगठ्यात गेला. एवढासा काटा, पण तो अंगठा सुजून वांग्याएवढा झाला, महिनाभर चिघळला, आणि डॉक्टरांनी आप्पांना माझ्यासमोर झापलं, की हिला पुन्हा काट्याजवळ जाऊ दिलंत तर बोट कापायची वेळ येईल.

आप्पा त्या दिवशी घरी आले ते सरळ मागे गेले. लिंबू काढलं, गुलाब काढले. जमीन भुंडी झाली. आई दारात उभी राहून ऐकत होती. "आता मी मागं येऊन करू काय?" एवढंच ती म्हणाली. आप्पा खड्डे बुजवत राहिले. मला तेव्हा दोघांचाही राग आला होता, का ते सांगता येणार नाही. अठराव्या वर्षी राग येतोच.

पुढे जानेवारीत कारखान्याची सहल महाबळेश्वरला गेली. बाकीच्यांनी चणे आणि चिक्की आणली. आप्पांनी बसमध्ये मांडीवर धरून एक रोप आणलं. काळ्या पिशवीत वीतभर काडी, तीन पानं. "ब्लॅकबेरी म्हणत्यात हिला," ते म्हणाले. "हात लाव."

आईने घाबरत हात लावला. बुडापासून शेंड्यापर्यंत बोट फिरवलं, पुन्हा खाली आणलं. काडी गुळगुळीत होती.

"काटा न्हाईच?"

"न्हाईच. जातच तशी काढलीया. फळ काळं, करवंदागत. तुला तोडाया."

त्या दिवशी चहा झाला, जेवण झालं, तरी ती पिशवी तिच्या मांडीजवळच होती. नंतर कितीतरी दिवस येईल-जाईल त्याला ती सांगायची, की आमच्याकडे बिनकाट्याचं करवंद आहे.

पिशवीला एक कागद अडकवलेला होता, इंग्रजी, बारीक छापाचा. आप्पांनी तो माझ्यापुढे धरला. माझी बारावीची प्रॅक्टिकल तोंडावर होती. मी वरून खाली डोळे फिरवले. ऊन हवं, पाणी तुंबू देऊ नये, तारेचा आधार द्यावा, काड्या दरवर्षी जमिनीलगत छाटाव्यात. एवढं मी मोठ्याने सांगितलं आणि कागद परत केला.

"म्हंजे द्राक्षावानीच की!" आप्पांचा चेहरा उजळला. मला अजून तो चेहरा दिसतो. परक्या मुलखात गावचा माणूस भेटावा तसं त्यांना झालं होतं. द्राक्षबागेत वर्षाला दोन छाटण्या असतात. एप्रिलची खरड छाटणी आणि ऑक्टोबरची फळछाटणी. ऑक्टोबरला काडी कापली नाही तर वेल माजते आणि घड धरत नाही, हे आप्पांच्या हाडात मुरलेलं होतं. जितकी निर्दय कात्री तितका मोठा घड, असं त्यांच्या बागेतली माणसं मानत. तेव्हा दरवर्षी छाटा, असं कागदानेच म्हटल्यावर त्यांना आणखी काय हवं होतं?

रोप लागलं. कसं लागलं देव जाणे, त्या मुरुमात आणि त्या दमट हवेत, पण लागलं. आप्पा पहाटपाळी करून आले की आधी मागे जायचे, मग चप्पल काढायचे. पावसाळ्यात काड्या पुरुषभर वाढल्या, तारेवर चढल्या. आई रोज सकाळी मागे जाऊन त्या काड्यांवरून हात फिरवायची. दसरा झाला आणि आप्पांनी गावाकडून आणलेली छाटणीची कात्री धार लावून घेतली. अर्ध्या तासात तार मोकळी. जमिनीपासून वीतभर खुंट उरले. आप्पा खूश होते. म्हणाले, "आता बघ उन्हाळ्यात."

उन्हाळ्यात पानं आली, नव्या काड्या आल्या, फूल आलं नाही. पहिलं वर्ष, असं होतं, आप्पा म्हणाले. दुसऱ्या ऑक्टोबरला पुन्हा कात्री. त्या वेळी आई दारात होती. ती म्हणाली, "अवो, ही एक काडी जून झालीया. हाताला टणक लागती. ही ऱ्हाऊ दे की."

"द्राक्षातलं तुला काय कळतंय?" आप्पा हसत म्हणाले, आणि ती काडी कापली. मीही हसले होते. आईला चिडवायची एकही संधी आम्ही दोघं सोडत नसू, आणि तिलाही ते आवडायचं असं आम्ही धरून चाललो होतो.

दुसऱ्या उन्हाळ्यातही काही नाही. खाडीकाठच्या आगरी गावातून मासे घेऊन येणारी एक मावशी होती, ती टोपली उतरवून त्या वेलीकडे बघायची आणि विचारायची, "ह्या झाराला फल कवा येनार गो बाय?" आप्पा घरात असले तर ऐकून न ऐकल्यासारखं करत. ते खत बदलत, राख घालत, माशांचं पाणी घालत. तिसऱ्या ऑक्टोबरला त्यांनी आणखी खालून छाटलं, अगदी मातीला टेकवून.

आई मात्र विचारायला लागली, "औंदा येतील का ओ?" आधी वर्षातून एकदा, मग महिन्यातून एकदा, मग आठवड्याला. मला त्याचा वैताग यायचा. मी तेव्हा वाशीला नोकरीला लागले होते, दमून यायचे. "आई, झाड आहे ते, फोन करून बोलावता येत नाही," असं मी एकदा तिला फाडकन म्हटलं. ती म्हणाली, "बरं बरं." आणि पुढच्या आठवड्यात पुन्हा विचारलं.

त्याच सुमाराला तिने भाकरी थापायचं सोडलं. म्हणाली, कंटाळा येतो, पोळ्या लाटायला बाई लाव. तांदूळ निवडायचं सोडलं. पोलक्याच्या हुकांऐवजी बटणं लावून घेतली, मग बटणंही नकोत म्हणाली आणि गाऊन घालायला लागली. एकदा तापलेल्या तव्याला हात लागून तिच्या तीन बोटांना फोड आले आणि तिने हात काढलाच नाही, मी ओढून काढला. "लक्ष कुठे असतं तुझं?" मी ओरडले. "तंद्री लागली," ती म्हणाली. मी फोडांना मलम लावलं, बडबड करत लावलं, आणि जेवायला बसले. इतकं डोळ्यांसमोर घडत होतं आणि माझे डोळे तर धड होते.

चौथ्या वर्षी सप्टेंबरात गॅसचं पुस्तक शोधताना तो कागद सापडला. टाकून द्यायला काढला होता, सहज उभ्या उभ्या वाचला. या वेळी शेवटपर्यंत. त्यात सरळ लिहिलं होतं, की या जातीला फळ मागच्या वर्षीच्या काडीवर येतं. पहिल्या वर्षी काडी नुसती वाढते, दुसऱ्या वर्षी तिला फूल लागतं. फळ तोडून झालं की फक्त तीच जुनी काडी जमिनीलगत छाटावी, नव्या काड्यांना हात लावू नये. म्हणजे दर दसऱ्याला आम्ही पुढच्या उन्हाळ्याचं फळ कापून उकिरड्यावर टाकत होतो. आईने जी टणक काडी ठेवा म्हटलं होतं, ती नेमकी पुढच्या उन्हाळ्यात फळ देणारी होती.

आप्पा आल्यावर मी त्यांना मागे नेलं आणि कागद वाचून दाखवला. हळू, मराठी करून. त्यांनी मला दोष दिला नाही. दिला असता तर बरं झालं असतं. ते म्हणाले, "मी तुला पुन्हा एकदा वाच म्हणाया पायजे होतं. मला वाटलं, मला येतंय." मग वेलीकडे बघत बसले. "तिला सांगू नगंस," ते म्हणाले. त्या दसऱ्याला कात्री निघाली नाही. आईने विचारलं, "औंदा छाटणी न्हाई?" आप्पा म्हणाले, "औंदा इसावा."

फेब्रुवारीत फूल आलं. पांढरं, किंचित गुलाबी, एकूण दहा-बारा. आप्पांनी पाळीत बदल करून घेतला, दिवसा घरी राहता यावं म्हणून. निम्मी फुलं गळली. बाकीच्यांना हिरव्या मण्यांचे घोस धरले, ते लाल झाले, आणि एप्रिलच्या एका रविवारी सकाळी दोन फळं काळी झाली. आप्पांनी हात लावला नाही. दोन दिवस ते नुसते त्यांच्याभोवती फिरत होते, कावळ्यांना हुसकत होते. पहिलं फळ तिने तोडायचं, हे ठरलेलंच होतं.

मंगळवारी आईची अंघोळ झाल्यावर आप्पांनी तिला मागे नेलं. मी रजा टाकली होती. आप्पांनी तिचा हात धरून काडीवर ठेवला. "जा वर वर," ते म्हणाले. आईचा हात काडीवरून वर गेला, पानाला लागला, फळाला लागला. पिकलेलं होतं, लागताच सुटलं आणि खाली मातीत पडलं. आईचा हात तसाच पुढे गेला.

"कुठाय?" ती म्हणाली.

आप्पांनी माझ्याकडे बघितलं. मग तिचं मनगट धरून दुसऱ्या फळापाशी नेलं. तिची बोटं त्या फळाभोवती मिटली. काळा रस तिच्या नखांतून मनगटावर उतरायला लागला.

"कुठाय ओ? पानंच लागत्यात का?"

 आईला आमचं गप्प होणं नेहमी लवकर ऐकू यायचं. तिने हात खाली घेतला, तोंडाजवळ नेला, वास घेतला आणि तिला कळलं.

"दोन वर्षं झाली," ती म्हणाली. "बोटांना काय कळत न्हाई. आधी पायातलं गेलं, मग हातातलं."

"मग बोलली का नाहीस?" मी म्हणाले. आवाज चढला माझा. रडू आलं की माझा आवाज चढतो.

"बोलून काय? हे रोज पाणी घालत व्हते. म्हटलं, हात पुरता जायच्या आत येतील. म्हणून तर इचारत व्हते, औंदा येतील का."

आप्पा खाली बसले. मातीत पडलेलं फळ त्यांनी उचललं, धोतराला पुसलं आणि तिच्या ओठांना लावलं. तिने खाल्लं. बिया चावत बराच वेळ उभी राहिली.

"चांगलं हाय," ती म्हणाली. "पण एवढी वर्षं का ओ न्हाई आलं?"

आप्पांनी तोंड उघडलं. ते सांगणार होते, मला दिसत होतं. त्यांच्या आधी मीच बोलले.

"इथली हवा मानवत नव्हती त्याला, आई."

"व्हय," आप्पा म्हणाले. "हवाच."

"असू दे मग," आई आप्पांच्या दिशेने हात पुढे करत म्हणाली. "हवेला तुमी काय करणार व्हता?"