छातीवरचा पहारेकरी

चि. ईशान आणि मीरा,

तुम्ही पाठवलेली ॲस्पिरिनची बाटली पोचली. आजीच्या हृदयाची काळजी केलीत, बरं वाटलं. पण बाटली कपाटात वरच्या फळीवर ठेवली आहे आणि ती तिथेच राहणार. का, ते फोनवर सांगायला गेले तर तुम्ही मध्येच हसाल, म्हणून लिहून पाठवते. त्यासाठी आपल्या शेजारच्या गोळीकाकांची नीट ओळख करून द्यायला हवी.

गोळीकाका नाडीचे बूट घालत नसत. त्यांचे मोठे भाऊ बावन्नाव्या वर्षी बुटाची नाडी बांधता बांधता बसल्या जागी गेले. काकांनी त्याचा असा धसका घेतला की लोअर परळच्या गिरणीत टाइमकीपरची नोकरी शेवटपर्यंत चपलांवर केली. निवृत्त झाल्यावर शिवाजी पार्कच्या कट्ट्यावर त्यांना कुणीतरी सांगितलं, रोज एक ॲस्पिरिन घ्या, हृदयाची चिंता नको. काकांनी डॉक्टरांना विचारलंसुद्धा नाही. घरी येताना पाकीट घेऊनच आले.

दुपारी दहीभाताचा शेवटचा घास झाला की ते गोळी घेत आणि अख्ख्या मजल्याला ऐकू जाईल असं म्हणत, "पहारेकरी ड्युटीवर!" गोळी भरल्या पोटी घ्यायची असते, म्हणून संकष्टीला दोन थाळ्या साबुदाण्याची खिचडी खात. "अहो, उपवास देवाचा की गोळीचा?" असं सुलूकाकू हळूच विचारत. काकू सगळंच हळू बोलत. वाटेत मांजर बसलं असेल तर त्यालाही "जरा सरकतोस का, बाबा?" म्हणत. त्यांची उंची माझ्या खांद्याइतकी.

काही वर्षांनी काकांच्या दंडांवर काळेनिळे डाग दिसू लागले. दाराची कडी लागली, पिशवीचा बंद रुतला, की डाग पडायचा आणि आठवडा आठवडा जायचा नाही. काका दिवसभर गॅलरीत बिनबाह्यांच्या बनियनवर बसत, त्यामुळे डाग सगळ्या इमारतीने पाहिले. धुणंभांड्याच्या बाईंनी ते चार घरी सांगितले, आणि सुलूकाकू नवऱ्याला मारतात असं ठरून गेलं.

त्यानंतर काकूंचे दिवस पालटले. वॉचमन त्यांना बघून खुर्चीवरून उठू लागला. बाथरूमच्या गळतीसाठी ज्या सेक्रेटरीकडे त्या दोन वर्षं अर्ज करत होत्या, त्याने आता आपणहून प्लंबर पाठवला. मासळीबाजारात कोळणीने न मागता एक बांगडा जास्त टाकला आणि म्हणाली, "ने गो बाय, घरात शांती ठेव." काकूंना काही उमजेना. शेवटी मीच कारण सांगितलं.

"राहू दे," त्या म्हणाल्या. "गळती थांबली आहे."

मीही कुणाला काही बोलले नाही. डाग कशाने पडतात, हे आम्हा दोघींनाही तेव्हा ठाऊक नव्हतं.

मग एका सकाळी काका जिन्यात दुसऱ्या मजल्यावरच बसले. चेहरा पांढराफटक, धाप लागलेली. त्यांना वाटलं, आपला नाडीचा दिवस आला, म्हणून खिशातली आणखी एक गोळी घेतली. आम्ही त्यांना परळच्या इस्पितळात नेलं. डॉक्टरांनी सगळं तपासलं आणि म्हणाले, हृदय ठणठणीत आहे, पण पोटातून रक्त जातंय, आणि ते या गोळीमुळे. डागही तिचेच. ज्यांना झटका येऊन गेला आहे त्यांची गोष्ट वेगळी, त्यांना आम्हीच देतो. तुम्हाला या वयात कुणी दिली? काकांनी कट्ट्याचं नाव सांगितलं.

गोळी बंद, म्हटल्यावर काकांचे डोळे भरून आले. एवढा मोठा माणूस, लहान मुलासारखा काकूंकडे बघत म्हणाला, "मग छातीवर कोण बसणार गो?"

काकू आयुष्यात पहिल्यांदा मोठ्याने बोलल्या. "मी बसते!"

काकांच्या काळ्यानिळ्या दंडाला रक्तदाबाचा पट्टा बांधत असलेली नर्स एक पाऊल मागे सरकली.

घरी आल्यावर गोळीच्या वेळेला काकू त्यांच्यासमोर खुर्ची घेऊन बसू लागल्या. दहा मिनिटं, हात मांडीवर, डोळे काकांवर. काका समाधानाने दाराकडे तोंड करून पुकारत, "पहारेकरी ड्युटीवर!" महिन्याभरात डाग गेले. काकू सुधारल्या, असं इमारतीचं मत पडलं. त्या पहाऱ्यावर काका आणखी नऊ वर्षं जगले आणि त्र्याऐंशीव्या वर्षी झोपेत गेले. पायात काही नव्हतं.

तेव्हा बाटलीची काळजी करू नका. माझ्या डॉक्टरांना मी विचारलं आहे, मला तिची गरज नाही. काकू आता एक्याऐंशीच्या आहेत. सेक्रेटरी अजून त्यांना पाहिलं की लिफ्ट सोडून जिन्याने जातो. आणि रोज दुपारी माझं जेवण झालं की त्या आपल्याकडे येतात आणि माझ्यासमोर दहा मिनिटं बसतात.

तुमची,
आजी