बाबा जिंकले तेव्हाचे पेढे

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. नवऱ्याला नाही, बहिणीलाही नाही. तुम्हाला सांगायला बसले आहे खरी, पण मध्येच थांबेन की काय – ठाऊक नाही.

माझे बाबा एका सहकारी बँकेच्या लोणी काळभोर शाखेत क्लार्क होते. नवीन लागलेल्या एका मुलीला साहेब सगळ्यांदेखत वाटेल ते बोलले. बाबा केबिनमध्ये गेले, आवाज चढले. एवढंच झालं. पण साहेबांनी तक्रार केली, की यांनी माझी कॉलर धरली. खातेचौकशी झाली आणि बाबा बडतर्फ झाले. बाबा कुणाची कॉलर धरतील? मला तेव्हाही ते खरं वाटलं नव्हतं. हे आधी सांगून ठेवते – माझा त्यांच्यावर विश्वास होता. म्हणूनच पुढचं जास्त वाईट आहे.

ते कामगार न्यायालयात गेले. तारखांवर तारखा पडत राहिल्या. मध्ये बँकेचा निरोप आला – लेखी माफी द्या, परत घेतो. बाबा म्हणाले, "जे केलंच नाही, त्याची माफी कशी मागू?" आई रडली. मी चिडले. कारण माझ्यासाठी स्थळं बघणं चालू होतं.

सदाशिव पेठेतलं स्थळ आलं. सासू-सासरे दोघंही शिक्षक. बघायला आले तेव्हा बाबा पाणी आणायला आत गेले होते. सासूबाईंनी विचारलं, "वडील हल्ली घरीच असतात का?" मी म्हणाले, "हो, व्हीआरएस घेतली." कुणी शिकवलं होतं मला? कुणीच नाही. बाबा दारात तांब्या घेऊन उभे होते. त्यांनी ऐकलं – आणि सगळ्यांना पाणी दिलं.

लग्नानंतर ते तारखेला शिवाजीनगरला यायचे, पण आमच्या घरी यायचे नाहीत. का, ते मी कधी विचारलं नाही. विचारायची गरज होती का?

मग एका दुपारी बेल वाजली. दारात बाबा. इस्त्रीचा शर्ट, हातात पेढ्यांचा बॉक्स. असे हसताना मी त्यांना कितीतरी वर्षांत पाहिलं नव्हतं.

"मंजू, निकाल लागला. आरोप खोटा ठरला. परत कामावर घ्यायचं म्हणून..."

सासूबाई आत सोफ्यावर होत्या. मी बाहेर आले, मागे दार ओढून घेतलं आणि – काय म्हणाले असेन मी? अभिनंदन? पाया पडले असेन?

"बाबा, इथे काही बोलू नका. यांना माहीत नाही."

त्यांचा चेहरा कसा झाला ते मला सांगता येत नाही. "बरं," म्हणाले.

आत आले. सासूबाईंनी विचारलं, "अहो, पेढे कसले?"

"सहज. इकडून चाललो होतो, म्हटलं हात हलवत कसं यायचं."

"निवृत्तांचं बरं असतं. फिरायला वेळच वेळ."

बाबा हसले. मी चहा टाकायला गेले. तो पेढा मी खाल्लासुद्धा.

ते पुन्हा बँकेत जायला लागले. सासरी मी सांगितलं, घरी कंटाळतात, म्हणून कुठेतरी हिशेब बघायला जातात. ते खरे निवृत्त झाले, तेव्हा निरोप समारंभाला आई-बाबांनी मला बोलावलं. मी गेले नाही. नवऱ्याने विचारलं असतं, कसला समारंभ?

आता आई-बाबा मांजरी गावात राहतात. रविवारी आम्ही जातो. गेल्या रविवारी नवऱ्याने सहज विचारलं, "बाबा, इतक्या लवकर व्हीआरएस घेतलीत, कधी वाईट नाही वाटलं?"

बाबांनी माझ्याकडे पाहिलंही नाही. "नाही हो," म्हणाले, "माझाच निर्णय होता."

मी शेजारीच बसले होते.