शेवट नसलेली कॅसेट

एकच पिक्चर पंचवीस वर्षं पाहिला की किस्से घरातल्या पिशव्यांसारखे साठतात, टाकवत नाहीत. यंदा मात्र पिक्चरला जावं की नाही, हेच मला कळेना. आमचेच प्रकाश आणि सुरेखा सोमवारी घटस्फोटाच्या कागदांवर सह्या करणार होते, आणि आदल्या दिवशी, रविवारी, दोघंही पिक्चरसाठी आमच्या शाळासोबती डॉल्फीकडे येणार होते!

*

कॅसेट डॉल्फीची. शाळेतल्या प्रेमाचा हिंदी पिक्चर. दहावीची परीक्षा संपल्यावर पापडी गावातल्या त्याच्या घरी डॉल्फी, प्रकाश, सुरेखा आणि मी, अशा चौघांनी तो पहिल्यांदा लावला. शेवटी हिरो शाळेच्या गेटवर हिरॉइनला विचारतो, "मेरे साथ चलेगी?"

आम्ही श्वास रोखला. आणि धाडकन बँड! पांढऱ्या कपड्यांतली पोरं मेणबत्त्या घेऊन चर्चमध्ये निघालेली! डॉल्फीच्या वडिलांनी त्याच कॅसेटवर धाकट्या लेकीच्या फर्स्ट कम्युनियनचा, म्हणजे पहिल्या प्रसादाचा, सोहळा रेकॉर्ड केला होता.

डॉल्फी शांतपणे म्हणाला, "संपला पिक्चर. जेवायला चला."

*

मग नियमच पडला. दर उन्हाळ्यात एका रविवारी दुपारी हीच कॅसेट, आणि बँड सुरू झाला की पाळीपाळीने एकाने हिरॉइनचं उत्तर ओरडून द्यायचं.

माझी पाळी आली तेव्हा मी घाबरून म्हटलं, "आईला विचारून सांगते!"

स्वयंपाकघरातून डॉल्फीची आई ओरडली, "हीच एक शहाणी आहे तुमच्यात!"

*

एका वर्षी सुरेखाची पाळी. तिने टीव्हीकडे पाहिलंच नाही. शेजारी बसलेल्या प्रकाशकडे वळून म्हणाली, "येईन. पण दर वेळी असंच विचारायचं."

प्रकाशचा चहा पँटवर! पुढच्या वर्षी लग्न.

*

मध्यंतरी माझ्या मुलीने मोबाइलवर अख्खा पिक्चर शोधून दिला, शेवटासकट. आम्ही चौघं एका सुरात किंचाळलो, "नको!"

डॉल्फीने कॅसेट पेन ड्राइव्हवर उतरवली, तीसुद्धा बँडसकट.

*

गेल्या वर्षी प्रकाशने उमेळ्याला असलेली घरची वाडी बिल्डरला देऊन टाकली. सुरेखाला कळलं ते थेट जेसीबी फाटकातून आत आला तेव्हा. त्या वाडीतली चिकूची झाडं तिने स्वतः वाढवली होती.

ती एवढंच म्हणाली, "विचारायचं तरी होतंस." आणि बॅग घेऊन फुलपाड्याला भावाकडे गेली. त्यानंतर दहा महिने दोघांत एक शब्द नाही. प्रकाशला चूक कळत होती, पण तोंड उघडत नव्हतं. मला दोघांचाही राग यायचा आणि रडूही यायचं.

*

तर यंदाचा रविवार. सोफ्याच्या एका टोकाला प्रकाश, दुसऱ्या टोकाला मांडीवर पर्स घट्ट धरून सुरेखा. विनोदांवर कोणी हसलं नाही. वेफर्स तसेच पडून होते. गेटचा सीन जवळ आला.

"मेरे साथ चलेगी?"

बँड. यंदा पाळी कोणाची, हे कोणी विचारायच्या आतच डॉल्फी टीव्ही बंद करायला उठला.

इतक्यात प्रकाशने रिमोट घेतला आणि पिक्चर मागे नेला.

"मेरे साथ चलेगी?" बँड.

पुन्हा मागे. पुन्हा तोच प्रश्न. पुन्हा बँड. तो टीव्हीकडे बघतच नव्हता, सुरेखाकडे बघत होता.

तिसऱ्यांदा त्याने बटण दाबलं, तेव्हा सुरेखाने मांडीवरची पर्स खाली ठेवली.

"आवाज कमी कर," ती म्हणाली. "ऐकू येतंय मला."