पुठ्ठे काढलेला इंग्रज

मस्कतला मी पहिल्यांदा उतरले ती एका मेलेल्या इंग्रजाला बरोबर घेऊन. दोन जाडजूड खंड, कापडी बांधणीचे, हिरव्या पुठ्ठ्यांचे. अर्थशास्त्र या विषयाला अजून धड नावही नव्हतं, तेव्हा देशाची संपत्ती मोजायला निघालेल्या एका माणसाचं सगळं लिखाण त्यांत एकत्र केलेलं होतं. सीबच्या विमानतळावर कस्टमच्या माणसाने दोन्ही खंड चाळले. नव्वदच्या सुरुवातीचे दिवस होते, पुस्तकं आणि व्हिडिओ कॅसेट यांच्याकडे तिथे जरा संशयानेच पाहत. चित्र एकही नाही, नुसते आकडे, हे बघून त्याने माझ्याकडे दयेने पाहिलं आणि बॅग बंद केली.

बाहेर नवरा उभा होता. बॅग उचलताना म्हणाला, "आणलंस काय एवढं? या वजनात आंबेमोहोर आला असता."

"तो इथे मिळतो," मी म्हटलं. "हा मिळत नाही."

खंड माझे नव्हते. पुण्यात मी एका कॉलेजात अर्थशास्त्र शिकवत होते आणि पीएच.डी.साठी नाव नोंदवलेलं होतं. माझ्या गाईडनी, म्हणजे सरांनी, स्वतःच्या कपाटातली ही प्रत मला दिली होती. लग्न ठरलं तेव्हा सर एवढंच म्हणाले, "जा. पण याला बसवून ठेवू नकोस." नवऱ्याचंही म्हणणं होतं की दोन वर्षं काढायची आणि परत यायचं. आखातातल्या प्रत्येक मराठी घरात हे वाक्य ऐकू येतं. आमच्या दार्सैतच्या इमारतीत तर असे लोक होते, की त्यांच्या दोन वर्षांत मुलं शाळा संपवून इंजिनिअर झाली होती.

नवऱ्याच्या व्हिसावर आलेल्या बायकोला नोकरी करता येत नसे. मला वाटलं होतं, बरंच झालं, थिसिस होईल. झालं उलटंच. पुण्यात तीन तासिका घेऊन, दोन बस बदलून घरी आलेली मी रात्री चार पानं लिहीत होते. इथे अख्खा दिवस समोर पसरलेला आणि मी फरशी पुसत्येय, पुसलेली फरशी पुन्हा पुसत्येय. खिडकीतून समोरची इमारत आणि तिच्यामागे एक उघडाबोडका तपकिरी डोंगर. संध्याकाळी कृष्णाच्या देवळापर्यंत चालत जायची. लोक म्हणत, किती भाविक आहे! कसली भाविक? घरात बसवत नव्हतं म्हणून चालत होते. देवापुढे हात जोडले तरी पाय वळवळत असायचे.

माझ्या इंग्रजाचं मात्र बरं होतं. तो स्वस्थ बसलाच नाही. मुळात डॉक्टर. मग जिंकलेल्या एका शेजारच्या बेटाची जमीन मोजायला गेला, तिथली धुराडी मोजली, गुरं मोजली आणि मग माणसंही. त्याचं म्हणणं असं की माणूस ही देशाची संपत्ती, आणि तो किती कमावतो त्यावरून त्याची किंमत काढता येते. गरीब बेटावरचा माणूस उचलून श्रीमंत देशात आणला की त्याची किंमत वाढते, असाही त्याचा हिशेब. मी हे नवऱ्याला वाचून दाखवलं. तो कंपनीत अकाउंट्स बघायचा. म्हणाला, "बरोबरच आहे की. माझी वाढली."

"आणि माझी?"

तो पेपर वाचू लागला.

इमारतीतल्या बायकांत हा इंग्रज हळूहळू घरचाच झाला. हळदीकुंकवाला गेले की कुणीतरी विचारायचंच, "काय म्हणतात तुमचे साहेब?" मी त्यांना एकदा त्याची एक योजना सांगितली. बेटावरच्या लग्नाच्या गरीब मुली जहाजांतून इंग्लंडला न्यायच्या, इंग्लंडातल्या मुली त्या बेटावर आणायच्या आणि दोन्हीकडे तिथल्या पुरुषांशी त्यांची लग्नं लावायची. का? तर घरातली भाषा, जेवण, राहणी ही सगळी आईकडून येते. आया बदलल्या की एका पिढीत बेट आपोआप इंग्रज. बायका पोट धरधरून हसल्या. मग एक जण म्हणाली, "हसता काय? आपण तरी कशाने आलोय? विमानाने, एवढाच फरक." त्यावर कुणी हसलं नाही, चहा आला आणि विषय बदलला.

मला मात्र माझं चौथं प्रकरण सापडलं होतं. त्या मुलींना कुणी विचारलं होतं का? मी घरी जाऊन त्याच दुपारी लिहायला बसले.

पण प्रकरण सापडणं वेगळं आणि लिहून होणं वेगळं. मुलगी झाली. ती वादी कबीरच्या शाळेत जाऊ लागली. युनिव्हर्सिटीकडे मुदतवाढ मागायची, मिळाली की जरा हायसं वाटायचं आणि पुन्हा भिजत घोंगडं. सुट्टीत भारतात गेले तर सासर, माहेर, लग्नं, मुंजी. सरांना भेटायला अर्धा तास मिळायचा, तोही मुलगी त्यांच्या टेबलावरचे पेपरवेट फिरवत असताना.

मुलीचं आणखी एक दुखणं होतं. तिला मराठी कळायचं, पण बोलायला सांगितलं की ती चाचरायची. शाळेच्या बसमधून उतरताना मैत्रिणींशी धबधब्यासारखं इंग्रजी, आणि घरात शिरली की मुकी. मी तिला रोज अर्धा तास घेऊन बसायची. वाक्य पूर्ण कर, नीट बोल, पुन्हा म्हण. नवरा मूळचा मालवणकडचा. गावी फोन लागला की त्याची जीभ एकदम मोकळी व्हायची, "इलंय", "गेलंय", "कित्याक गो?" फोन ठेवला की पुन्हा माझ्याशी पुस्तकी मराठी. पुण्याच्या मास्तरणीसमोर त्याने ती बोली गिळून टाकली होती, आणि तसा तो उशिरा यायचा, त्यामुळे बोलायचा प्रसंगही कमीच. म्हणजे मुलीची भाषा टिकवायची जबाबदारी माझ्या एकटीची. माझा इंग्रज म्हणत होता की घरातली भाषा आई ठरवते. मग इथे आई कमी पडत होती, दुसरं काय?

नवं शतक उजाडलं त्या सुमारास एका शुक्रवारी सरांचा फोन आला. सर कधी फोन करत नसत. म्हणाले, "मी या वर्षी निवृत्त होतोय. माझ्यानंतर हा विषय घेणारं इथे कुणी नाही. होणार असेल तर आत्ता होईल. नसेल, तर ते दोन खंड पाठवून दे. कॉलेजच्या ग्रंथालयाला देऊन टाकीन." आवाजात राग नव्हता. राग असता तर मी भांडले असते.

हिशेब सरळ होता. जायचं तर चार महिने तरी हवेत. मुलगी सात वर्षांची, तिची शाळा, नवऱ्याचं ऑफिस. तो म्हणाला, "पुढच्या वर्षी बघू ना." दोन दिवस घरात येरझाऱ्या घातल्या, भांडी आदळली, आणि तिसऱ्या दिवशी ठरवून टाकलं की खंड परत पाठवायचे. खलास. एकदा हा माणूस घरातून गेला की माझं डोकं तरी शांत होईल.

आखातात वस्तू पाठवायची म्हणजे पोस्ट नाही. कोण सुट्टीवर चाललंय ते बघायचं. खालच्या मजल्यावर वसईचे एक शेजारी होते, हॉटेलात किचनला. उमद्या स्वभावाचे, कुणालाही नाही म्हणायचे नाहीत. जाताना त्यांच्या बॅगेत निम्मं सामान इतरांचं असायचं. मुंबईहून पुण्याला खंड पोचवायची सोय माझा भाऊ करणार होता. मी दोन्ही खंड त्यांच्या हातात दिले आणि वर आले. जेवण गेलं नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी बेल वाजली. दारात तेच, हसतमुख, आणि हातात चार हिरवे पुठ्ठे.

"हे ठेवा, वहिनी. नुसता वजन वाढवत होते. आतला माल एकदम सेफ, प्लॅस्टिकमध्ये बांधलाय."

मला क्षणभर कळेचना. मग कळलं. गावी जाणारा प्रत्येक जण हेच करतो. बुटांची खोकी फेकायची, खेळण्यांचे बॉक्स फोडायचे, अत्तराच्या बाटल्या मोज्यांत घालायच्या. वजन वाचवायचं असतं. त्यांनी इंग्रजाचंही तेच केलं होतं. किचनच्या धारदार सुरीने पुठ्ठे इतके स्वच्छ काढले होते, की कापडाचा एक धागा लोंबत नव्हता. वरच्या पुठ्ठ्याच्या आत सरांची सही होती, त्यांच्या विद्यार्थिदशेतली.

मी त्यांच्यावर ओरडले. अक्षरशः ओरडले, जिन्यातल्या दोन दारांतून डोकी बाहेर आली. ते बिचारे गोंधळून म्हणत राहिले, "पण वहिनी, पानं सगळी हायत ना!" मी म्हटलं, पुस्तकं परत आणा, आत्ताच्या आत्ता आणा. ते धावत खाली गेले आणि आले. सोललेले दोन खंड पोटाशी धरून मी दार लावलं आणि सोफ्यावर बसले. आणि खोटं कशाला सांगू, त्या संतापाच्या खाली मला चक्क आनंद होत होता. असली पुस्तकं कुणाच्या हातून पाठवता येतात का? सरांसमोर ही घेऊन दुसऱ्या कुणाला उभं करणार? मलाच जायला लागणार होतं.

संध्याकाळी नवरा आला. टेबलावर पुठ्ठे एकीकडे, इंग्रज एकीकडे. मी म्हटलं, "मी चाललेय. चार महिने. पुढच्या वर्षी नाही, या महिन्यात."

त्याने पुठ्ठा उचलला, उलटापालटा केला. मुलीकडे बघितलं. ती भिंतीशी उभी राहून आम्हा दोघांकडे पाहत होती. मग तो म्हणाला, "मला भात येतो. आमटी शिकेन." एवढंच. त्या माणसाशी मी इतकी वर्षं उगाच मनातल्या मनात भांडत होते, असं मला वाटलं आणि त्याचाही राग आला.

मी जातेय हे कळताच इमारतीतून पिशव्या येऊ लागल्या. कुणाचा खजूर, कुणाची दूधपावडर, एकीचं तर सासूसाठी भलंमोठं ब्लँकेट. मी सगळ्यांना सांगितलं की या वेळी कुणाचंही काही नेणार नाही, माझेच कागद आहेत. दार्सैतमध्ये असं कुणी कधी बोललं नव्हतं. दोघी-तिघींनी नंतर बरेच दिवस बोलणं टाकलं. टाकू देत.

पुण्यात सरांनी उघडे खंड हातात घेतले, पुठ्ठे शेजारी लावून बघितले. मी सगळी हकीकत सांगितली. मला वाटलं आता ऐकावं लागणार. सर इतके हसले की त्यांना खोकला आला. "नाकापेक्षा मोती जड झाला म्हणायचा," ते म्हणाले, आणि मग चष्मा पुसत, "चौथं प्रकरण आणलंस का?"

चार महिने मी माहेरच्या मधल्या खोलीत बसून लिहीत होते. लिहिताना पाय हलत नव्हते, हे बऱ्याच दिवसांनी माझ्या लक्षात आलं. शुक्रवारी मस्कतचा फोन यायचा. मुलगी "हो", "जेवले", "बरी आहे" एवढंच बोलायची, आणि फोन बाबाकडे द्यायची. फोन ठेवल्यावर मला वाटायचं, होतं नव्हतं ते मराठीही आता जाणार. मी तिथे नाही, घरात बोलणार कोण? त्याच तिरीमिरीत चौथ्या प्रकरणाचा शेवट लिहिला. बायकांची अशी ने-आण करणं दुष्टपणाचं, पण त्यामागचं निरीक्षण अचूक, असं मी त्यात ठासून मांडलं. घराची भाषा आईबरोबर येते आणि आईबरोबर जाते. सरांनी त्या वाक्याशेजारी पेन्सिलीने प्रश्नचिन्ह केलं. मी ते खोडलं आणि वाक्य तसंच ठेवलं.

अप्पा बळवंत चौकाजवळच्या एका बाइंडरने माझा प्रबंध आणि सरांचे दोन्ही खंड एकदमच बांधून दिले. सरांच्या निवृत्तीआधी प्रबंध जमा झाला. मी परत निघाले.

सीबला बाहेर आले तर दोघं रेलिंगशी उभे. नवरा जरा बारीक झालेला, मुलगी उंच झालेली. तिच्या केसांना त्याने घातलेली वेणी एका बाजूला कललेली होती. मी मनात तयारी केली होती, की ती इंग्रजीत काहीतरी म्हणेल आणि मी लगेच टोकायचं नाही, निदान आज नाही. ती धावत आली, कमरेला मिठी मारली आणि मान वर करून एका दमात म्हणाली, "इलंस गो आये? इतके दिस कित्याक लावलंस?"

मी नवऱ्याकडे पाहिलं. तो ट्रॉलीच्या चाकाशी उगाच झटापट करत होता. "तू नव्हतीस," तो म्हणाला. "स्वयंपाक करताना बडबडायला दुसरं कोण होतं? येतं तेच बोललो."

प्रबंधाची एक प्रत माझ्या बॅगेत होती, काळ्या रेक्झीनमधली, सोनेरी अक्षरांची. चौथं प्रकरणही तिच्यातच, आणि त्यातली एक ओळही आता बदलता येणार नव्हती. मुलगी अजून उत्तराची वाट बघत वर पाहत होती. तिच्या तोंडाकडे बघत, आयुष्यात पहिल्यांदाच, मी म्हटलं, "इलंय गो."