चेक बाईची दाढ

हॉलंडमधल्या नीउ-व्हेनेप गावात आमच्या शेजारी एक चेक बाई राहायची. दोन हजार पाचच्या आसपासची गोष्ट. वय पन्नाशीचं, अंबाड्यात कायम पेन्सिल खुपसलेली आणि तोंडाचा पट्टा अखंड चालू. तिने काय काय केलं होतं ते ऐकतानाच मला धाप लागायची. प्रागला असताना बाहुल्यांच्या नाटकासाठी कपडे शिवले, मग त्याच बाहुल्या घेऊन मुलांसाठी छोट्या फिल्म्स केल्या. एका डच माणसाच्या प्रेमात पडून इकडे आली. तो सोडून गेला, तर हिने ग्रीनहाउसमध्ये ट्यूलिप खुडले, लोकांच्या लग्नांचे व्हिडिओ काढले. आता स्वतःच एक डॉक्युमेंटरी करायला घेतली होती.

"दर वेळी पुन्हा शून्यापासून?" मी एकदा विचारलं.

"शून्य कसलं? फुलं खुडताना हात शिवणारणीचेच होते की. सगळ्यात भरभर माझेच चालायचे," ती म्हणाली.

मला तिचा हेवा वाटायचा. मी पुण्यात दातांची डॉक्टर होते. नवऱ्याच्या आयटीच्या नोकरीपायी इकडे आले आणि माझी डिग्री इथे चालेना. परीक्षा द्यायची तर आधी डच पक्कं हवं. "मुलगी जरा मोठी होऊ दे, मग बघू," असं म्हणत मी तीन वर्षं काढली होती. आपण पुन्हा दवाखान्यात उभ्या राहू की नाही, हा विचारच मी टाळायचे.

नवऱ्यामागून परदेशात आलेल्या बायकांवर तिची फिल्म होती. तिने मला विचारलं आणि मी हुरळले. शूटिंगच्या दिवशी पैठणी नेसून, नथ घालून पोळ्या लाटायला उभी राहिले.

"तू रोज अशीच स्वयंपाक करतेस?" तिने कॅमेऱ्यामागून विचारलं.

"रोज," मी ठोकून दिलं. पदर सांभाळण्याच्या नादात दोन पोळ्या करपल्या. मग आपल्या संस्कृतीवर पाठ केलेलं भाषणही म्हणून दाखवलं. ती भली बाई शेवटपर्यंत हसली नाही.

पुढच्या आठवड्यात सकाळीच ती दारात उभी. गाल टम्म सुजलेला. मी गाऊनवर, केस विंचरलेले नाहीत. तिने हातातला कॅमेरा ओट्यावर ठेवला आणि खुर्चीत कोसळली. मी टॉर्च आणला, चमचा धुतला.

"आ कर. अजून मोठा. जीभ आत घे." चमच्याच्या दांड्याने मी एकेक दाढ ठोकत गेले. एकीवर ती किंचाळली. "हीच ती. रात्री ठणकते ना? किती महिने अंगावर काढलंस गं? आजच्या आज दाताच्या डॉक्टरकडे जा. आणि तो म्हणाला तरी काढून टाकू नकोस, रूट कॅनॉल होतं का विचार. दाढ वाचेल."

दाढ वाचली. काही महिन्यांनी तिने सांगितलं, "फिल्ममध्ये तुझ्या स्वयंपाकघरातलं थोडं ठेवलंय. चालेल ना?" पैठणी डोळ्यांपुढे आणून मी आनंदाने हो म्हटलं, आणि युट्रेख्टच्या ज्या लहानशा हॉलमध्ये फिल्म दाखवणार होते, तिथे आमचा अख्खा मराठी ग्रुप गोळा केला.

पडद्यावर पैठणी आलीच नाही. आला तो चुरगळलेला गाऊन! मी शरमेने अर्धी झाले. त्या सकाळी ओट्यावर ठेवलेला कॅमेरा चालूच होता, आणि तो बंद करायला विसरणारी ही बाई नव्हे, हे तेव्हा माझ्या लक्षात आलं. पण मग पडद्यावरची ती बाई "आ कर" म्हणाली, आणि मी बघतच राहिले. तिचा हात जरासुद्धा थरथरत नव्हता. तिला सगळं माहीत होतं. मला तिची इतकी आठवण आली की रडूच फुटलं.

शेजारी माझी सहा वर्षांची मुलगी बसली होती. मी मराठीत बोलायचे, ती डचमध्ये उत्तर द्यायची. त्या दिवशी मात्र तिने माझी बाही ओढून मराठीत विचारलं, "आई, तू डॉक्टर आहेस?"

"हो गं. दातांची."

"मग मला का नाही सांगितलं?"

सोमवारी मी डचच्या क्लासला नाव घातलं.