अक्षरं न उमटलेली वाक्यं

फोन सोलापूरहून, शेजारच्या पद्माक्कांचा होता. "तुमच्या वन्सं सकाळी उठल्याच न्हाईत. लवकर या." पुण्याहून पोहोचेपर्यंत दुपार झाली. महिना उलटला, पण ती दुपार काही सरत नाही...

सुमनवन्सं म्हणजे माझ्या नवऱ्याची थोरली बहीण. लग्न केलं नाही, कॉलेजच्या ऑफिसात कारकुनी केली. रविवारी तिथल्या हॉलमध्ये फिल्म क्लबवाले जुने फ्रेंच सिनेमे दाखवत. हॉलची किल्ली वन्संकडे, म्हणून खेळ संपेपर्यंत त्यांना बसावं लागे. नायक-नायिकेशी त्यांना देणंघेणं नव्हतं. त्यांनी हेरली होती एक दुय्यम नटी. कधी मोलकरीण, कधी विधवा मावशी, कधी पाव विकणारी. तरुणपणापासून केस पिकेपर्यंत ती बाई दारं उघडत आणि कोट हातात देत राहिली. पडद्यावरच्या यादीत नाव नेहमी शेवटून दुसरं-तिसरं. एका सिनेमात तर तेही गाळलेलं, तेव्हा वन्सं दोन दिवस धुसफुसत होत्या. "काय वन्सं, या रविवारी आली होती का तुमची मैत्रीण?" म्हणून मी चेष्टा करायचे.

त्यांची खरी तक्रार वेगळीच होती. "अगं, बाकीच्यांच्या बोलण्याखाली इंग्रजी येतंय. हिच्या खाली काहीच न्हाय. बोलते तर हाय की ती." खरंच होतं ते. कडेच्या माणसांची वाक्यं भाषांतर करणाऱ्यांनी सोडूनच दिलेली. निवृत्त झाल्यावर वन्संनी मोबाईलवर फ्रेंच शिकायला घेतलं, केवळ त्या नटीचं बोलणं कळावं म्हणून. आम्ही सगळे हसलो. साठी बुद्धी नाठी, असं मीही म्हणाले, आणि आता त्याची लाज वाटते.

काही वर्षं गेली त्यात, तेच सिनेमे मोबाईलवर पुन्हा पुन्हा बघत. एकदा फोनवर सांगत होत्या, "खिडकीपाशी उभी राहून ती आशीर्वाद देते असं वाटायचं की मला. आता कळलं, वाळत घातलेलं भिजलं, म्हणत होती." आणि खूप हसल्या. मग म्हणाल्या, "एका सिनेमात मालकाला कोट देते बघ. तो निघताना विचारते, परत कधी येणार? कुणी थांबतच न्हाय. म्हणून तर खाली लिहिलं न्हाय कुणी." माझ्या कुकरची शिट्टी झाली, मी फोन ठेवला.

आमची गाडी सुरू झाली की फाटकाशी उभ्या राहून वन्संही हेच विचारायच्या. "आता कधी येताय?" आम्ही काचेआडून हात हलवायचो. दिवाळीला गेलो होतो तेव्हाही त्यांनी विचारलं. मला ऐकू आलं, आणि मी सीटबेल्ट लावत राहिले. निरोपाला माणसं काहीतरी बोलतातच, असं धरून चालले होते मी. आज कुणी मला विचारलं की त्या मोठ्या घरात वन्सं एकट्या दिवसभर काय करायच्या, तर मला सांगता येणार नाही...

तेरावं झाल्यावर स्वयंपाकघर आवरायला घेतलं. फळीवर कडक भाकरीचा मोठा डबा होता. आमच्या सोलापूरची ही भाकरी, पापडासारखी कुरकुरीत, महिनाभर सहज टिकते. झाकण काढलं तर डबा काठोकाठ भरलेला, वर शेंगाचटणीची पुडी.

"एवढ्या कुणासाठी?" मी पद्माक्कांना विचारलं.

"दर म्हैन्याला करायच्या की त्या. जुन्या झाल्या की आमाला द्यायच्या, तुमच्यासाठी परत नव्या."

मी एक तुकडा मोडून तोंडात टाकला. अजून तसाच कुरकुरीत. वन्संना कवळी बसवून बरीच वर्षं झाली होती. कडक भाकरी त्यांना चाववतच नव्हती.