गाव सोडल्याचा दिवस

कल्याणच्या डॉक्टरांनी हृदयाची झडप बदलावी लागेल म्हटलं आणि मला आधी आठवली ती माझी कादंबरी. बायकोला हे सांगितलं नाही, नाहीतर झडप बाजूलाच राहिली असती. धरणात गेलेल्या आमच्या गावावर मी वीस वर्षं लिहितोय. फक्त शेवटचं प्रकरण राहिलंय, गाव सोडल्याच्या दिवसाचं. तेव्हा मी सहा वर्षांचा, मुरबाडला मावशीकडे होतो. जे पाहिलंच नाही ते सतरा वेळा लिहिलं आणि सतरा वेळा फाडलं.

गेल्या आठवड्यात वह्यांची पिशवी घेऊन शहापूरहून खर्डीकडे थोरल्या बहिणीच्या गावी गेलो. वैशाखाचं ऊन. ती आणि तिची सून शेतात राब भाजत होत्या. पालापाचोळा, शेण पसरून जमीन भाजायची आणि पावसाच्या तोंडावर तिथे भाताचं बी पेरायचं, ही आमच्याकडची रीत. आग पेटलेलीच होती आणि माझं डोकंही फिरलेलं होतं.

"बाय, हेही टाक त्यात," मी म्हणालो. "अर्धवट ठेवून ऑपरेशनात मेलो तर लोकांना हसायला विषय."

तिने पिशवी घेतली आणि अडाण्याकडे पाहावं तसं माझ्याकडे पाहिलं.

"राब पेरायच्या आधी भाजतात रे. उगवल्यावर कोण जालतं?"

दुपारी ओटीवर सून वह्या वाचू लागली. बहिणीला अक्षर येत नाही, पण कान तिखट. "चिंच नाय, आंबा व्हता तो," ती मध्येच म्हणाली. मी मुकाट्याने खोडलं. शेवटच्या पानावर सून थांबली.

"पुढं काय, मामा?"

"पुढे नाही. मी तिथे नव्हतो."

"मी व्हते ना," बहीण म्हणाली. "आयनं चूल इझवली, शेणानं लिपली, मंगच आमी निघालो. तू कदी इचारलंसच नाय."

खरंच विचारलं नव्हतं. जन्मभर मास्तरकी केली, दर सणाला तिच्याकडे जेवलो, पण जिला लिहिता येत नाही तिला काय विचारायचं, हीच माझी अक्कल. लाज वाटली. पण ती समोर बसून सांगते आहे, याचं इतकं बरं वाटलं की डोळे भरून आले.

संध्याकाळपर्यंत ती सांगत होती, मी लिहीत होतो. तिच्या सांगण्यात सामानाची बैलगाडी गावाच्या वेशीपर्यंत आली आणि लिहिता लिहिता मला दम लागला.

"ऱ्हाव दे," ती म्हणाली. "परत आलास तं तुला सांगन. नाय आलास तं हिला सांगन, ही लिवल."

ऑपरेशन परवा आहे. वह्या सुनेकडेच ठेवून आलो. तिचं अक्षरही माझ्यापेक्षा बरं आहे.